मॉरिशसचं स्वातंत्र्य आणि त्याचे नेते: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मॉरिशसचे मूळ रहिवासी कोण?

कोणीच नाही. या प्रश्नाचं उत्तर आधी पक्कं डोक्यात बसवावं, कारण पुढचे निम्मे गैरसमज इथूनच सुरू होतात. अरब खलाशांना हे बेट ठाऊक होतं, पोर्तुगीजही सोळाव्या शतकात येऊन गेले, पण वस्ती कोणी केली नाही. डच १५९८ मध्ये उतरले आणि त्यांनी आपल्या मॉरिट्स राजपुत्राचं नाव बेटाला दिलं. म्हणजे आज तिथे राहणाऱ्या प्रत्येकाचे पूर्वज जहाजातून उतरलेले आहेत. काही मालक म्हणून उतरले, काही साखळदंडांत, आणि बरेचसे कागदावर अंगठा उठवून. ‘परकी सत्ता विरुद्ध भूमिपुत्र’ हा आपल्याकडचा साचा इथे लागू पडत नाही.

मग वसाहत नेमकी कोणाची? फ्रेंचांची की इंग्रजांची?

आधी डचांची, मग फ्रेंचांची, मग इंग्रजांची. डचांनी १६३८ मध्ये वस्ती केली, १६५८ मध्ये सोडली, १६६४ मध्ये पुन्हा आले आणि १७१० मध्ये कायमचे गेले. त्यांच्या मागे उरलं ते असं: जावाहून आणलेला ऊस, जावाहून आणलेली हरणं, तोडून ओसाड केलेलं काळ्या शिसवीचं रान आणि नामशेष झालेला डोडो.

फ्रेंचांनी १७१५ मध्ये बेट ताब्यात घेऊन ‘इल द फ्रान्स’ असं नाव ठेवलं. १७३५ ला गव्हर्नर म्हणून आलेल्या माहे द लाबुर्दोने याने पोर्ट लुई हे बंदर उभं केलं, साखरेच्या गिरण्यांना चालना दिली आणि १७४६ मध्ये इथूनच आरमार नेऊन इंग्रजांकडून मद्रास घेतलं. इंग्रजांच्या भारताकडे जाणाऱ्या जहाजांना हे बेट काट्यासारखं सलत होतं. फ्रेंच परवान्यावर जहाजं लुटणाऱ्यांचा हा अड्डाच होता.

ऑगस्ट १८१० मध्ये ग्रां पोरच्या लढाईत इंग्रज आरमाराने सपाटून मार खाल्ला. नोव्हेंबरअखेर मात्र ते मोठी फौज घेऊन उत्तर किनाऱ्यावर उतरले आणि डिसेंबरच्या सुरुवातीला बेट पडलं. त्या फौजेत हिंदी शिपाईही होते. १८१४ च्या पॅरिस तहाने बेट कायमचं ब्रिटिशांकडे गेलं आणि नाव पुन्हा मॉरिशस झालं.

दीडशेहून जास्त वर्षं इंग्रजांचं राज्य होतं, तरी लोक फ्रेंच आणि क्रिओल का बोलतात?

१८१० च्या शरणागतीच्या अटींमुळे. रहिवाशांचे कायदे, चालीरीती, धर्म आणि मालमत्ता यांना हात लावणार नाही, असं इंग्रजांनी लिहून दिलं होतं. त्यांना बंदर हवं होतं, वस्ती नको होती. त्यामुळे गव्हर्नर इंग्रज, पण ऊसमळे, वर्तमानपत्रं, चर्च आणि दिवाणी कायदा फ्रेंच, अशी विभागणी झाली. ती अजून दिसते: दिवाणी कायद्याचा गाभा नेपोलियनच्या संहितेचा, संसदेची अधिकृत भाषा इंग्रजी (सदस्य फ्रेंचमध्येही बोलू शकतात), अंतिम अपील लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे आणि बाजारात, घरात, बसमध्ये क्रिओल, म्हणजे फ्रेंचवरून घडलेली तिथली बोली. राज्यघटनेत देशाची म्हणून अधिकृत भाषा कुठलीच नाही.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवावी. मॉरिशसमधल्या सामान्य माणसाला रोज भेटणारी सत्ता म्हणजे लंडन नव्हती, साखर कारखान्याचा मालक होता. राजकारण तापलं ते मुख्यतः त्याच्याविरुद्ध.

गुलामगिरी कधी संपली?

१ फेब्रुवारी १८३५. तो दिवस आज राष्ट्रीय सुटीचा आहे. फ्रान्सच्या क्रांतिकारी सरकारने खरं तर १७९४ मध्येच गुलामगिरी रद्द केली होती, पण तो हुकूम घेऊन १७९६ मध्ये आलेल्या प्रतिनिधींना मळेवाल्यांनी बेटावरून हाकलून दिलं. इंग्रजांनी ती संपवली तेव्हा सुमारे ६६ हजार माणसं मोकळी झाली. ‘मोकळी’ म्हणजे १८३९ पर्यंत त्याच मालकाकडे ‘उमेदवारी’. नुकसानभरपाई २१ लाख पौंडांच्या आसपास होती आणि ती गुलामांना नव्हे, मालकांना मिळाली. त्याच पैशातला काही भाग पुढे भारतातून मजूर आणायला लागला.

भारतीय मजूर कधी आणि कसे गेले?

२ नोव्हेंबर १८३४ रोजी ‘अ‍ॅटलस’ जहाजातून कलकत्त्याहून ३६ मजूर पोर्ट लुईला उतरले. हा दिवसही आज सुटीचा. त्याआधीही भारतीय होतेच: फ्रेंच काळात दक्षिणेतून आलेले कारागीर आणि गुलाम, आणि १८१५ ते १८३७ या काळात बंगाल व मुंबई इलाख्यांतून काळ्या पाण्यावर पाठवलेले सुमारे १,५०० कैदी. बेटावरचे कित्येक रस्ते या कैद्यांनी बांधले. पण लोकसंख्या पालटली ती कराराच्या मजुरांनी. १८३४ ते १९१० या काळात साधारण साडेचार लाख भारतीय इथे आले आणि त्यांपैकी सुमारे एक तृतीयांश परत गेले. १८६१ पर्यंत बेटावर दर दहा माणसांत सहा भारतीय होते.

करार पाच वर्षांचा. पगार पुरुषाला महिना ५ रुपये, शिधा आणि कपडे वेगळे. कागदावर हे ठीक दिसतं. घोळ होता तो कपातीत. एक दिवस गैरहजर राहिलं की त्या दिवसाचा पगार जायचाच, वर आणखी एका दिवसाचा कापला जायचा. याला ‘दुहेरी कपात’ म्हणत. महिन्यात सहा दिवस ताप आला तर बारा दिवसांची मजुरी बुडाली, आणि १८६० च्या दशकात बेटावर मलेरियाची भयंकर साथ आली होती हे लक्षात घ्या. १८५० च्या दशकात फुकट परतीचा हक्कही काढून घेतला गेला.

करार संपलेल्या ‘जुन्या’ मजुरांसाठी १८६७ चा कायदा आला. फोटो चिकटवलेला परवाना कायम खिशात हवा, तो नसला तर भटक्या म्हणून अटक. स्वतःच्या जमिनीवर भाजी पिकवणारा माणूसही बाजारात जाताना पकडला जाई. याविरुद्ध १८७१ मध्ये ९,४०१ मजुरांनी अर्ज केला. तो तयार करायला अडोल्फ द प्लेव्हिट्झ नावाच्या मळेवाल्याने मदत केली, आणि त्याबद्दल त्याला भर रस्त्यात मार खावा लागला. त्या अर्जामुळे शाही चौकशी आयोग आला. हजारो निरक्षर माणसांनी नाव आणि क्रमांक देऊन केलेली ती मागणी बेटावरच्या भारतीयांची पहिली मोठी राजकीय कृती मानावी लागेल.

मराठी माणसं कुठून गेली?

मुंबई बंदरातून, प्रामुख्याने कोकणातून, त्यातही रत्नागिरी भागातून. १८४२ मध्ये कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तिन्ही बंदरांतून मजूर नेण्याची परवानगी मिळाली. कलकत्त्याचा ओघ सर्वांत मोठा (म्हणून भोजपुरीचा प्रभाव), मग मद्रासचा, आणि मुंबईचा सगळ्यांत लहान. मराठी वस्ती वाक्वा, कास्कावेल आणि ब्लॅक रिव्हर या पट्ट्यात जास्त. गणेश चतुर्थीला देशभर सार्वजनिक सुटी असते, प्राथमिक शाळेत मराठी हा पर्यायी विषय आहे, आणि कोकणातली जाखडी तिथे ‘झाकरी’ नावाने टिकून आहे.

मराठी नेतृत्व स्वातंत्र्याच्या कथेत ठळक का दिसत नाही, असंही विचारलं जातं. संख्या कमी, हे साधं कारण. शिवाय १९६८ च्या घटनेने जे चार समाज मोजले त्यांत मराठी माणूस ‘हिंदू’ या रकान्यात जातो. तमिळ आणि तेलुगूंचंही तसंच, त्यामुळे स्वतंत्र ओळखीचा आग्रह मंडळं, देवळं आणि शाळेतली भाषा यांतून धरला गेला.

आमच्या घराण्यातलं कोणी मॉरिशसला गेलं होतं. नोंद सापडेल का?

शक्यता चांगली आहे. स्थलांतर खात्याची दप्तरं मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत आहेत. उतरलेल्या प्रत्येकाला एक क्रमांक मिळे आणि तो क्रमांक मरेपर्यंत प्रत्येक कागदावर असे. सापडला तर काम झालंच. नोंदीत साधारणपणे नाव, वडिलांचं नाव, वय, उंची, जात, जिल्हा, गाव, जहाज आणि कुठल्या मळ्यावर रवानगी झाली हे असतं. १८६० च्या दशकानंतरच्या काही नोंदींना फोटोही आहे.

शोध अडतो तो बहुतेक वेळा तीन कारणांनी:

आडनाव शोधलं जातं. ते बहुधा नसतंच. कारकुनाने पहिलं नाव लिहिलं, आणि तेच किंवा बापाचं नाव पुढच्या पिढीचं आडनाव झालं. मॉरिशसमधल्या मराठी घरांत ‘जी’ने संपणारी आडनावं जास्त आहेत ती यामुळे. सावंत किंवा कदम शोधण्यापेक्षा आजोबांच्या आजोबांचं पाळण्यातलं नाव शोधा.

दुसरं, स्पेलिंग. नाव सांगणारा मालवणी ढंगात बोललेला, लिहिणारा इंग्रज किंवा फ्रेंच वळणाचा. एकाच माणसाचं नाव जहाजाच्या यादीत एक आणि लग्नाच्या दाखल्यात दुसरं, हे सर्रास आढळतं. पाच-सहा पर्याय कागदावर लिहून मगच विचारणा करा.

तिसरं, गाव. रकान्यात पुष्कळदा फक्त जिल्हा किंवा बंदर असतं. ‘मुंबई’ लिहिलं म्हणजे माणूस मुंबईचा असं नाही.

मॉरिशसमधल्या वंशजाला उलट दिशेने, म्हणजे भारतीय वंशाचा पुरावा म्हणून, हीच नोंद लागते. तिथल्या सातव्या पिढीपर्यंतच्या भारतीय वंशाच्या लोकांना ओसीआय (भारताचे परदेशस्थ नागरिक) कार्ड देण्याची खास तरतूद भारताने मार्च २०२४ मध्ये जाहीर केली. साखळीतला प्रत्येक जन्म आणि लग्नाचा दाखला जोडावा लागतो. एका पिढीचा दाखला निसटला की खालचे सगळे लोंबकळतात.

गांधीजींचा मॉरिशसच्या स्वातंत्र्याशी काय संबंध?

थेट संबंध थोडा, पण खुणा मोठ्या. दक्षिण आफ्रिकेतून परतताना ‘नौशेरा’ जहाज थांबल्यामुळे १९०१ मध्ये ते ऑक्टोबरअखेर ते नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत बेटावर होते. मुलांना शिकवा आणि राजकारणात भाग घ्या, हा त्यांचा सल्ला तिथे अजून उद्‍धृत होतो. त्यांच्याच सूचनेवरून १९०७ मध्ये मणिलाल डॉक्टर हे बॅरिस्टर आले. कोर्टात पागोटं आणि जोडे काढायला सांगितल्यावर त्यांनी नकार दिला, ही त्यांची पहिली गाजलेली गोष्ट. १९०९ मध्ये त्यांनी ‘हिंदुस्तानी’ हे पत्र काढलं, मजुरांचे खटले लढवले आणि १९११ मध्ये ते गेले.

स्वातंत्र्यासाठी १२ मार्च ही तारीख निवडली गेली ती दांडीयात्रेच्या प्रारंभाची म्हणून.

मतदानाचा हक्क कधी मिळाला? आणि ‘सही शिकवून स्वातंत्र्य मिळवलं’ असं का म्हणतात?

पहिल्या निवडणुका १८८६ मध्ये झाल्या. मत फक्त मालमत्ता आणि उत्पन्न असणाऱ्यांना, म्हणून साडेतीन लाखांहून अधिक वस्तीत मतदार साधारण ४ हजार. पहिले भारतीय वंशाचे दोन सदस्य निवडून यायला १९२६ साल उजाडलं.

खरा पालट १९४७ च्या घटनेने झाला. मालमत्तेची अट बाजूला पडली आणि बेटावर चालणाऱ्या भाषांपैकी कुठल्याही एका भाषेत सोपी वाक्यं लिहिता-वाचता येणं पुरेसं ठरलं. स्त्रियांनाही मत मिळालं. त्या अटीत मोठी संधी आहे हे ज्यांनी ओळखलं ते बासदेव आणि सुकदेव बिसुनदयाल हे भाऊ (हिंदी लिखाणात हे आडनाव ‘विष्णुदयाल’ असं आढळेल, माणसं तीच). त्यांच्या जनआंदोलनाचे स्वयंसेवक संध्याकाळी ‘बैठकां’मध्ये, म्हणजे गावातल्या पत्र्याच्या किंवा शाकारलेल्या खोलीत, ऊसतोडीहून आलेल्या माणसांना अक्षरं गिरवायला लावत. पन्नाशीचा गडी, कोयता धरून घट्टे पडलेला हात, आणि समोर पाटीवर स्वतःचं नाव. लिहिता आलं की पुढची पायरी मतदारयादीत नाव घालण्याची.

परिणाम आकड्यांत बघा. मतदार सुमारे १२ हजार होते ते १९४८ मध्ये ७१ हजारांच्या वर गेले. निवडून द्यायच्या १९ जागांपैकी ११ हिंदूंनी जिंकल्या. मळेवाल्या गोऱ्यांच्या वाट्याला एक आली आणि मुस्लिमांना एकही नाही. या शेवटच्या शून्याने पुढची वीस वर्षं घटनेच्या वाटाघाटी व्यापल्या. अट संपून प्रत्येक प्रौढाला मत मिळालं ते १९५९ च्या निवडणुकीत.

मॉरिशसचं स्वातंत्र्य तुरुंगात किंवा फासावर शोधणाऱ्याला फार काही सापडणार नाही. ते मतदारयादीत घडलं.

म्हणजे बलिदान झालंच नाही?

झालं, पण ते कामगारांचं. मजूर पक्ष २३ फेब्रुवारी १९३६ रोजी डॉ. मोरिस क्युरे यांनी स्थापला. १९३७ च्या ऑगस्टमध्ये लहान शेतकऱ्यांच्या उसाला दर कमी दिल्यावरून दंगल पेटली. युनियन फ्लाक इथे गोळीबारात चौघे मेले. १९३८ मध्ये गोदी कामगारांच्या संपानंतर कामगार नेते इमान्युएल आंकेतिल यांना मॉरिशसच्याच रॉड्रिग्ज या दूरच्या बेटावर हद्दपार केलं. २७ सप्टेंबर १९४३ ला बेल व्ह्यू हारेल इथे संपकऱ्यांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि मृतांत अंजले कूपेन ही गरोदर तरुणी होती. तिच्या नावाचं स्टेडियम आज त्याच गावात आहे.

क्युरे, आंकेतिल आणि त्यांच्यानंतर १९५६ मध्ये मरेपर्यंत पक्ष चालवणारे गी रोझमाँ, हे पहिल्या फळीतले तिघेही भारतीय वंशाचे नव्हते. मजूर पक्ष म्हणजे हिंदूंचा पक्ष, हे समीकरण नंतरचं.

सगळ्यांना स्वातंत्र्य हवं होतं ना?

नाही. सर्वांत जास्त धक्का बसणारं उत्तर हेच. ७ ऑगस्ट १९६७ ची निवडणूक हीच प्रत्यक्षात स्वातंत्र्यावरची जनमतचाचणी होती. एका बाजूला स्वातंत्र्य आघाडी: शिवसागर रामगुलाम (पुढे पहिले पंतप्रधान) यांचा मजूर पक्ष, सुकदेव बिसुनदयाल यांचा आयएफबी (इंडिपेंडंट फॉरवर्ड ब्लॉक) आणि अब्दुल रझाक मोहम्मद यांची मुस्लिम कृती समिती. दुसऱ्या बाजूला गाएतां द्यूव्हाल यांचा पीएमएसडी (मॉरिशसचा सोशल डेमोक्रॅटिक पक्ष), ज्याला ब्रिटनशी ‘संलग्नता’ हवी होती. आघाडीला सुमारे ५५ टक्के मतं, विरोधकांना ४४ टक्के. थेट जागा ३९ विरुद्ध २३.

४४ टक्के लोक इंग्रजांचे भक्त होते, असं समजू नका. क्रिओल (इथे भाषा नव्हे, मुख्यतः आफ्रिकी गुलामांचे वंशज), गोरे, चिनी आणि मुस्लिमांतला काही भाग यांना भीती होती ती बहुसंख्य हिंदूंच्या राज्याची. भारताच्या फाळणीच्या बातम्या त्यांनीही वाचल्या होत्या. साखरेशिवाय दुसरा धंदा नसलेला देश उभा कसा राहील, हा प्रश्नही खोटा नव्हता. निकालानंतर बरेच क्रिओल आणि गोरे ऑस्ट्रेलियाकडे निघून गेले.

ब्रिटनने १९६५ च्या लंडन परिषदेतच मार्ग आखून ठेवला होता: निवडणूक, मग नव्या सभागृहात साध्या बहुमताचा ठराव. वेगळं सार्वमत नको, हा रामगुलाम यांचा आग्रह मान्य झाला. ५५-४४ चा आकडा बघितला की तो आग्रह का होता ते कळतं. ऑगस्ट १९६७ मध्ये ठराव झाला तेव्हा विरोधक सभात्याग करून गेले होते.

१२ मार्च १९६८ ला नेमकं काय झालं?

दुपारी बारा वाजता पोर्ट लुईच्या शाँ द मार्स मैदानावर, म्हणजे घोड्यांच्या शर्यतींच्या मैदानावर, युनियन जॅक उतरला आणि लाल, निळा, पिवळा, हिरवा असा चार पट्ट्यांचा झेंडा चढला. वेळ दुपारची, मध्यरात्रीची नव्हे. वातावरणही आपल्या १५ ऑगस्टसारखं नव्हतं. जानेवारीत राजधानीत मुस्लिम आणि क्रिओल टोळ्यांत दंगल झाली होती, सुमारे २५ माणसं मेली होती, आणीबाणी लागू होती आणि सिंगापूरहून ब्रिटिश सैनिक आणावे लागले होते. राजकन्या अलेक्झांड्रा येणार होत्या, तो दौरा रद्द झाला.

राणी मात्र राहिलीच. मॉरिशस १९९२ च्या १२ मार्चला प्रजासत्ताक झाला, तोवर राष्ट्रप्रमुख इंग्लंडची राणी आणि तिच्या वतीने गव्हर्नर जनरल.

रामगुलाम यांना राष्ट्रपिता म्हणतात ते कितपत योग्य?

बरंचसं योग्य, पण निम्मीच गोष्ट सांगणारं. शिवसागर रामगुलाम यांचा जन्म १९०० मधला, बेल रीव्ह गावच्या ऊसमळ्यावर. लहानपणी गोठ्यातल्या अपघातात एक डोळा गेला. लंडनला वैद्यक शिकायला गेले ते १९३५ मध्ये डॉक्टर होऊन परतले. १९४० पासून विधिमंडळात, १९६१ पासून मुख्यमंत्री, १९६८ ते १९८२ पंतप्रधान. लोक त्यांना ‘चाचा’ म्हणत. त्यांची हातोटी घाई न करण्यात होती. ज्या द्यूव्हाल यांनी स्वातंत्र्याला विरोध केला त्यांनाच १९६९ मध्ये सरकारात घेऊन त्यांनी तो ४४ टक्क्यांचा ताण बराच सैल केला.

पण त्याच तडजोडीत १९७२ ची निवडणूक १९७६ पर्यंत पुढे ढकलली गेली. १९७१ च्या संपांनंतर आणीबाणी आली, एमएमएम या डाव्या विरोधी पक्षाचे पॉल बेरांजे आणि इतर विनाखटला तुरुंगात गेले. १९७६ मध्ये एमएमएम सर्वांत मोठा पक्ष ठरला, तरी मजूर पक्ष आणि पीएमएसडी यांनी मिळून सत्ता राखली. माध्यमिक शिक्षण मोफत झालं ते याच काळात. १९८२ मध्ये मुख्य बेटावरच्या ६० पैकी ६० जागा विरोधकांनी जिंकल्या, स्वतः रामगुलाम पडले. त्यांनी निकाल निमूट मान्य केला. वसाहतीतून सुटलेल्या किती देशांत पहिल्या नेत्याने हे केलं, ते मोजून बघा. पुढे ते गव्हर्नर जनरल झाले आणि त्या पदावर असतानाच १५ डिसेंबर १९८५ रोजी वारले.

नोटांवर कोण-कोण आहेत?

मॉरिशसच्या नेत्यांची ओळख करून घ्यायची तर पाकीट उघडा. २५ रुपयांवर मॉयलिन जाँ आ-शुएन (चिनी), ५० वर मोरिस पातुरो (फ्रेंच वंशाचे), १०० वर रंगनादेन सीनीवासेन (तमिळ), २०० वर अब्दुल रझाक मोहम्मद (मुस्लिम), ५०० वर सुकदेव बिसुनदयाल (हिंदू), १,००० वर गाएतां द्यूव्हाल (क्रिओल) आणि २,००० वर रामगुलाम. स्वातंत्र्याला विरोध करणारा माणूस हजाराच्या नोटेवर आहे, हे मुद्दाम बघण्यासारखं.

प्रत्येक समाजाला एक चेहरा, हा हिशेब उघड दिसतो. त्या हिशेबात क्युरे, आंकेतिल, रोझमाँ बसले नाहीत, अंजलेही नाही. १९९८ च्या नोटांवर तर मजकुराचा क्रम बदलून नागरी लिपी तमिळच्या वर छापली म्हणून तमिळ समाज एवढा खवळला की पुढच्या वर्षी नोटा पुन्हा छापून तमिळ वर घ्यावी लागली.

‘बेस्ट लूझर’ म्हणजे काय? हरलेला निवडून कसा येतो?

२० मतदारसंघ, प्रत्येकी ३ जागा, आणि रॉड्रिग्जच्या २, अशा ६२ थेट जागा. त्यावर ८ जागा हरलेल्यांपैकी जास्तीत जास्त मतं मिळवणाऱ्यांना, पण समाज बघून. उमेदवाराने अर्ज भरताना आपला समाज लिहायचा: हिंदू, मुस्लिम, चिनी किंवा ‘सर्वसाधारण लोकसंख्या’ (क्रिओल आणि गोरे यात येतात). पहिल्या ४ जागांनी कमी प्रतिनिधित्व मिळालेला समाज भरून काढायचा, उरलेल्या ४ जागा देताना पक्षांचं प्रमाणही राखायचं.

गोची अशी की समाजनिहाय मोजणी शेवटची झाली १९७२ मध्ये. नंतरच्या जनगणनेतून तो प्रश्न काढून टाकला, पण जागांचं गणित अजून १९७२ च्या आकड्यांवरच चालतं. समाज न लिहिणाऱ्याचा अर्ज बाद करणं चूक आहे, असं मत संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीने २०१२ मध्ये दिलं. २०१४ च्या निवडणुकीपुरती सूट मिळाली, कायमचा निकाल लागला नाही. पद्धत जुनाट आहे यात शंका नाही, पण १९४८ मधलं मुस्लिमांचं शून्य आठवलं तर ती का आली ते समजतं. आणि १९८२, १९९५, २०२४ अशा तीन वेळा ६०-० निकाल लागले, तेव्हा सभागृहात विरोधक दिसले ते मुख्यतः याच जागांवर.

चागोसचा वाद काय आहे?

ईशान्येला दोन हजार किलोमीटरहून दूर असलेला हा द्वीपसमूह मॉरिशसच्या वसाहतीचा भाग होता. ८ नोव्हेंबर १९६५ ला ब्रिटनने तो तोडून वेगळी वसाहत केली आणि दिएगो गार्सिया बेट अमेरिकेच्या तळासाठी दिलं. मॉरिशसला ३० लाख पौंड मिळाले. १९६८ ते १९७३ दरम्यान सगळी वस्ती, साधारण दीड ते दोन हजार माणसं, हलवली गेली. बहुतेकांना पोर्ट लुईच्या धक्क्यावर उतरवून दिलं.

रामगुलाम यांनी स्वातंत्र्यासाठी चागोस विकला का, हा प्रश्न तिथे आजही भांडण लावतो. नोंद अशी आहे: २३ सप्टेंबर १९६५ रोजी हॅरोल्ड विल्सन त्यांना एकटे भेटले. त्या भेटीसाठी विल्सन यांना दिलेल्या टिपणात रामगुलाम यांना आशा दाखवून घाबरवावं, अशा अर्थाची सूचना होती: स्वातंत्र्य मिळेल ही आशा, आणि बेटांबद्दल समजूतदारपणा दाखवला नाही तर कदाचित मिळणार नाही ही भीती. दुसऱ्याच दिवशी स्वातंत्र्याचा मार्ग जाहीर झाला. आंतरराष्ट्रीय न्यायालयाने २५ फेब्रुवारी २०१९ च्या सल्लागार मतात सांगितलं की ती संमती खऱ्या अर्थाने मोकळी नव्हती आणि वसाहत संपवण्याचं काम अपुरं राहिलं. २२ मे २०२५ रोजी ब्रिटन आणि मॉरिशसने करारावर सह्या केल्या. त्यानुसार सार्वभौमत्व मॉरिशसचं, आणि दिएगो गार्सियाचा तळ ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने ब्रिटनकडे. करारावर सही होणं आणि तो अंमलात येणं या दोन वेगळ्या पायऱ्या आहेत, बातम्या वाचताना त्यांत गल्लत करू नये.

रामगुलाम आणि जगन्नाथ, दोनच घराणी का?

जवळजवळ. पंतप्रधान आजवर पाचच झाले: शिवसागर रामगुलाम, अनिरुद्ध जगन्नाथ, नवीन रामगुलाम (शिवसागर यांचे पुत्र), पॉल बेरांजे आणि प्रविंद जगन्नाथ (अनिरुद्ध यांचे पुत्र). २००३ ते २००५ मध्ये पंतप्रधान झालेले बेरांजे हे एकमेव गैरहिंदू. नोव्हेंबर २०२४ मध्ये नवीन रामगुलाम पुन्हा आले.

पोर्ट लुईत एक दिवस असेल तर काय बघावं?

आप्रवासी घाट. जागा जेमतेम १,६४० चौरस मीटर, २००६ पासून जागतिक वारसा. बंदराच्या बाजूने वर येणाऱ्या १६ दगडी पायऱ्या हे तिथलं मुख्य. जहाजातून उतरलेला मजूर त्या चढून वर यायचा, शेडमध्ये नोंद व्हायची आणि क्रमांक मिळायचा. पायऱ्या अरुंद आहेत, मिनिटभरात संपतात, म्हणून शेजारचं माहिती केंद्र आधी बघून मग तिकडे वळा. गुलामांची आठवण जपणारा ल मोर्नचा डोंगर नैर्ऋत्य टोकाला आहे, त्यासाठी वेगळा दिवस ठेवावा.